झाकलेली कोंबडी

लिहून ठेवलेली नाही ती कुठेच.
आई हवेत मूठ वळायची: एवढं लोणी.
दोन बोटांची चिमट: एवढाच सोडा, जास्त नको, कडवट होतं.
घोरपडीच्या एका बंगल्यात वीस वर्षं रांधलं तिनं.
मॅडम त्याला कॅसरोल म्हणायच्या,
आई म्हणायची झाकलेली कोंबडी.
मला आईचंच नाव पटतं,
निदान आत काय आहे ते तरी कळतं.

मी निवृत्त होऊन अकरा महिने झाले.
हेमलताची नोकरी अजून तीन वर्षं, ससूनला.
आज तिची सकाळपाळी, साडेतीनला येईल
पाय ओढत, तरी म्हणेल मी दमले नाही.

शिवाजी मार्केटातून कोंबडी आणली, हाडांसकट.
कांदा, गाजर, बटाटा, मूठभर वाटाणे,
मिरी जाडसर, तमालपत्र एक.
मैदा लोण्यात परतायचा
आणि रंग चढायच्या आत थांबायचं.
थांबणं मला आधी दोनदा जमलं नव्हतं.
मग दूध, थोडं थोडं, घोटत राहायचं
चमच्याच्या पाठीवर साय धरेपर्यंत.

आता वरचं झाकण. बिस्कीट म्हणतात,
पण चहात बुडवायचं ते नव्हे,
हे फुगतं, पावाच्या धाकट्या भावंडासारखं.
मैदा, गार लोणी, आंबट ताक,
मळायचं नाही, नुसतं गोळा करायचं
(आई म्हणायची, रागावल्यासारखं हाताळू नको).
स्टीलच्या पेल्यानं गोल कापले, सात झाले,
आणि उरल्यासुरल्या पिठाचा
आठवा, वेडावाकडा.

ओव्हनमध्ये बारा मिनिटं, आणि लाईट गेली.
गुरुवार.
पुण्यात जन्म गेला, गुरुवार मला ठाऊक नाही असं नाही.
पण ठाऊक असलेलं वेळेवर आठवणं
हे वेगळं खातं आहे.

टॉवेलात गुंडाळून भांडं घेऊन निघालो,
रास्ता पेठेच्या उन्हात,
मागे दोन कुत्री, त्यांच्या चेहऱ्यावर श्रद्धा.
बेकरीत खोदादाद गल्ल्यावर पेंगत होता.
लाकडाची भट्टी, तिला गुरुवार नसतो.
"साळवे, इथे पाव भाजतात."
म्हटलं, दिवाळीला नानकटाईचे पत्रे घेता की.
"नानकटाईला पाय नसतात."
म्हटलं, हिलाही आता नाहीत, कापलेत.
तो हसला नाही. फळी मात्र सरकवली,
भांडं भट्टीच्या तोंडाशी ठेवलं,
आणि दर पाच मिनिटांनी
आपलंच काही आत ठेवल्यासारखा उठून बघत राहिला.
पैसे घेतले नाहीत. एक बिस्कीट घेतलं. गोल.

साडेतीनला हेमलता आली,
हातांना डेटॉलचा वास, चपला दारातच.
उभ्या उभ्याच बोटानं झाकण फोडलं,
खालून वाफ निघाली, मिरीची, दुधाची.
"मीठ कमी आहे," म्हणाली,
आणि मीठ न घेताच दुसरा घास.

मग तिनं तो वेडावाकडा आठवा उचलला.
मी म्हणालो, तो माझा.
का, ते सांगितलं नव्हतं कधी:
बंगल्यातून आई तेवढाच आणायची,
वर्तमानपत्राच्या कागदात, रस्सा पाझरून
छापील अक्षरं त्याच्या बुडाला लागलेली.
गोल टेबलावर जायचे.
मला कितीतरी वर्षं वाटायचं
या पदार्थाचा आकारच तसा असतो.

हेमलतानं ऐकून घेतलं. चावत होतीच.
"मग आज गोल खा," म्हणाली,
आणि आठवा स्वतःच संपवला.

खाल्ला.
चव तीच होती,
फक्त कडा नव्हत्या,
दात लावायला कुठून सुरुवात करावी
क्षणभर कळेना.